आठ दिवसांसाठी आलेली चिमी आणि बालगंधर्वचं तिकीट

गेल्या वर्षी जूनमध्ये आमची चिमी सांगलीहून पुण्याला आली. चिमी म्हणजे माझी मावसबहीण. पाठीवर एक सॅक, हातात मावशीने दिलेला लाडवांचा डबा आणि तोंडात एकच वाक्य, "ताई फक्त आठ दिवस गं, दोन इंटरव्ह्यू आहेत, झाले की जाते." मी म्हटलं ये की बाई, त्यात काय विचारायचं. कर्वेनगरला आमचा टू बीएचके, मी आणि प्राची दोघी राहतो, हॉलमध्ये एक गादी एक्स्ट्रा पडलेली असतेच.

पहिले दहाएक दिवस रोज संध्याकाळी माझा फोन वाजायचा. गेटवरून वॉचमनमामा. "मॅडम, त्या चिन्मयी म्हणून आल्यात, पाहुण्यात टाकू का?" मी मीटिंगमध्ये असले तरी हो हो सोडा म्हणायचे. मग कधीतरी जूनच्या शेवटी फोन यायचे बंद झाले, आणि मला ते लक्षातही आलं नाही. आता मागे वळून बघताना वाटतं की मामांनी ज्या दिवशी विचारणं सोडलं त्याच दिवशी ती पाहुणी राहिली नव्हती, फक्त हे मला सोडून सगळ्यांना कळलं होतं. जुलैमध्ये ती तुळशीबागेतून एक निळी बादली आणि प्लॅस्टिकचा मग घेऊन आली. "तुमची बादली सारखी भरलेली असते म्हणून." तेव्हा तरी माझी ट्यूब पेटायला हवी होती ना! पाहुणा टूथब्रश आणतो, टॉवेल आणतो, फार तर स्वतःची उशी आणतो. बादली आणत नाही.

तर चिमीला बाणेरला नोकरी लागली (आनंदच आहे), आणि ऑगस्टच्या एक तारखेला माझ्या जीपेवर पाच हजार आले. खाली मेसेज, 'ऑगस्ट रेंट'. मला इतकं कौतुक वाटलं, म्हटलं बघा आमची चिमी, न सांगता शेअर देते, शहाणी पोर. मी लगेच थम्ब्स अप टाकला. तो थम्ब्स अप आणि ते 'रेंट' पुढे मला चांगलंच भोवलं.

झालं असं की सप्टेंबरमध्ये सोसायटीच्या ग्रुपवर सेक्रेटरी काकांनी एक मेसेज टाकला, की काही फ्लॅटमध्ये नोंद नसलेल्या व्यक्ती कायमस्वरूपी वास्तव्यास असल्याचे निदर्शनास आले आहे. फ्लॅट नंबर नव्हता, पण मेसेज वाचून खालच्या मजल्यावरच्या काकूंनी लिफ्टमध्ये माझ्याकडे ज्या नजरेने बघितलं त्यावरून कळलं. आणि दुसऱ्या दिवशी नाशिकहून घरमालक काकांचा फोन. एरवी अतिशय गोड माणूस, दिवाळीला चिवडा पाठवणारा. त्या दिवशी आवाजच वेगळा. "अगं, तू पोटभाडेकरू ठेवलीयस का?"

पोटभाडेकरू!! आठवीच्या मराठीच्या पुस्तकानंतर हा शब्द मी पहिल्यांदा ऐकला असेन. मी म्हटलं काका ती माझी बहीण आहे. ते म्हणाले, बहीण असू दे, पैसे देते का? मी खरं बोलणारी बावळट मुलगी, म्हटलं हो, देते ना.

त्यांचं घाबरणं मला तेव्हा अति वाटलं, पण त्यांची गोष्ट ऐकल्यावर नाही वाटलं. त्यांच्या वडिलांचा जुन्या नाशकात वाडा. वाड्यात तीन बिऱ्हाडं, साठ-बासष्ट सालपासूनची. १९४७ चा मुंबई भाडे नियंत्रण कायदा होता, भाडं गोठलेलं, भाडेकरूला काढायचं तर कोर्टात कारण सिद्ध करा. वाड्याचं छप्पर दुरुस्त करायला जेवढा खर्च यायचा तेवढं भाडं दहा वर्षांत मिळायचं नाही. आणि दुसरी गोष्ट त्यांच्या मेहुण्यांची, ती तर अजून भारी. मेहुण्यांचा दादरला ब्लॉक होता. भाडेकरू ठेवला तर तो जात नाही हे सगळ्यांना माहीत झालं होतं, म्हणून त्या काळी लोक 'भाड्याने' द्यायचेच नाहीत, 'लायसन्स'वर द्यायचे, म्हणजे कागदावर फक्त वापरायची परवानगी. मेहुण्यांनी पण एकाहत्तर साली एका ओळखीच्याला दोन-तीन वर्षांसाठी तसा दिला. आणि मग सरकारने कायद्यात दुरुस्ती केली की १ फेब्रुवारी १९७३ या दिवशी ज्याचं लायसन्स चालू आहे आणि जो जागेत राहतोय तो भाडेकरू समजला जाईल. एका तारखेने! आदल्या दिवशी परवानगीवर राहणारा माणूस दुसऱ्या दिवशी कायद्याने भाडेकरू. त्या माणसाचा मुलगा अजून त्या ब्लॉकमध्ये राहतो. आता मला सांगा, ज्या घरात ही गोष्ट दर लग्नात, दर बारशाला सांगितली जाते त्या घरातला माणूस जीपेवरचं 'रेंट' वाचून घाबरणार नाही तर काय करणार.

मग मी माझ्या वकील मैत्रिणीला फोन केला. म्हटलं मी भाडेकरू, चिमी पाहुणी, मग ही पोटभाडेकरू कशी होते ते सांग. ती हसायलाच लागली. म्हणाली, "आधी एक गोष्ट, तू मुळात भाडेकरूच नाहीयेस."

मी अ‍ॅग्रीमेंट काढलं. चार वर्षांत तीन वेळा अंगठा देऊन रजिस्टर केलेलं आणि एकदाही न वाचलेलं. वर लिहिलंय 'लीव्ह अँड लायसन्स'. मी आत्तापर्यंत हे 'लिव्ह' समजत होते, म्हणजे राहणे, आणि प्राची त्याहून वरची, तिला वाटायचं की लीव्ह म्हणजे सोडून जाणे, म्हणजे अकरा महिन्यांनी सोडा. दोन्ही चूक. लीव्ह म्हणजे परवानगी. लायसन्स म्हणजे पण परवानगीच. पंचवीस पानी कागदात भाडेकरू हा शब्द कुठेच नाही, मी 'लायसन्सी' आहे आणि जे देते ते भाडं नाही, लायसन्स फी. आणि प्रत्येक दोन पानांनी एकदा लिहिलंय की या कागदाने कसलाही भाडेकरूचा हक्क तयार होत नाही, जागेचा कायदेशीर ताबा मालकाकडेच आहे. म्हणजे मी स्वयंपाक करते, कुंड्यांना पाणी घालते, झुरळं मारते, पण ताबा काकांचा.

मैत्रीण म्हणाली, भाडेपट्टा म्हणजे लीज, त्यात जागेतला हक्क तुझ्याकडे येतो, ते १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यात आहे. लायसन्स त्याच सालच्या दुसऱ्या कायद्यात आहे, सुविधाधिकाराच्या, आणि त्यात हक्क वगैरे काही येत नाही, एरवी जी घुसखोरी झाली असती ती फक्त घुसखोरी ठरत नाही, बस्स. आणि मग तिने जे सांगितलं ते माझ्या डोक्यातून जातच नाहीये. त्या कायद्यात ५६ वं कलम आहे की लायसन्स दुसऱ्याला देता येत नाही, अपवाद एकच, सार्वजनिक करमणुकीच्या ठिकाणी जायचं लायसन्स. म्हणजे तिकीट! म्हणजे बालगंधर्वला मी नाटकाचं तिकीट काढलं तर कायद्याच्या नजरेत मी तिथे लायसन्सी, आणि कर्वेनगरच्या फ्लॅटमध्ये पण लायसन्सी. जात एकच. फरक एवढाच की नाटकाचं तिकीट मी चिमीला देऊ शकते, माझी खोली नाही देऊ शकत. बावीस हजार महिना भरून माझी लायकी रविवारच्या दुपारच्या प्रयोगाला बाल्कनीत बसलेल्या बाईपेक्षा एक पायरी कमी.

मला रागच आला. म्हटलं कागदावर काहीही लिहिलं म्हणून काय झालं, खरं काय ते कोर्ट बघेल ना? तर त्याचंही उत्तर तयार होतं. १९५९ मध्ये सुप्रीम कोर्टाने एका हॉटेलच्या केसमध्ये सांगितलंय की कागदाला नाव काय दिलंय यावर जाऊ नका, दोघांचा इरादा काय होता ते बघा, जागेचा पूर्ण आणि एकट्याचा ताबा दिला असेल तर ते लीजकडे झुकतं. हे अजूनही शिकवतात. पण महाराष्ट्रात राहायच्या जागांसाठी १९९९ चा भाडे नियंत्रण कायदा आला, ३१ मार्च २००० पासून लागू झाला, आणि त्यात २४ व्या कलमात सरळ लिहिलंय की लेखी लायसन्स अ‍ॅग्रीमेंटमध्ये जे लिहिलंय तो निर्णायक पुरावा. मुदत संपली की मालक सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करू शकतो, आणि मुदतीनंतर बसून राहिलं तर दुप्पट फी नुकसानभरपाई म्हणून. त्र्याहत्तरच्या तारखेने भाजलेल्या सगळ्या मालकांना सरकारने हे मलम दिलंय असं समजा. खरं सांगायचं तर मला मालकांची बाजू पटते, आणि त्याच वेळी बाल्कनीत बसल्यासारखंही वाटतं, दोन्ही एकदम.

बरं मालकावर पण ओझं आहे, नाही असं नाही. ५५ व्या कलमाने अ‍ॅग्रीमेंट लेखी आणि रजिस्टर पाहिजेच, अकरा महिन्यांचं असो नाहीतर तीन महिन्यांचं, आणि ती जबाबदारी मालकाची. 'अकरा महिन्यांचं केलं की रजिस्टर करायला लागत नाही' हे जे सगळीकडे ऐकू येतं ते आपल्याकडे चालत नाही. रजिस्टर केलं नाही तर तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड, आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे वाद झाला तर राहणारा ज्या अटी सांगेल त्या खऱ्या धरल्या जातात, मालकाने उलटं सिद्ध करेपर्यंत. खर्च काही फार नसतो हो, आमच्या अकरा महिन्यांच्या कागदाला बावीस हजार महिना आणि साठ हजार डिपॉझिटवर स्टँप ड्युटी सहाशे-सव्वासहाशेच्या आसपास, रजिस्ट्रेशन एक हजार, आणि एजंट घरी मशीन घेऊन येतो त्याचे वेगळे. तरी लोक साध्या स्टँपपेपरवर नोटरी करून मोकळे होतात.

आता चिमी. मैत्रिणीने तिचे दोन भाग केले, जीपेच्या आधीची चिमी आणि नंतरची. आधीची चिमी शंभर टक्के पाहुणी. तिचा काकांशी काही संबंध नाही, ती माझ्या परवानगीवर, मी काकांच्या परवानगीवर. परवानगीवर परवानगी. महाराष्ट्रात असा काही दिवसांचा आकडा नाही की अमुक दिवस राहिलं की पाहुण्याचा भाडेकरू होतो, म्हणून लोक जे 'पंधरा दिवस झाले की हक्क लागतो' वगैरे सांगतात ते सोडून द्या.

नंतरची चिमी जरा अवघड. पोटभाडेकरू ठरायला दोन गोष्टी लागतात, पैसे तर लागतातच, पण त्याबरोबर जागा तिच्या एकटीच्या ताब्यात गेलेली असावी लागते. आमच्याकडे मी तिथेच राहत होते, किल्ली माझ्याकडे, ओटा एक, फ्रिज एक, माझं नियंत्रण सुटलं नव्हतं. म्हणून काटेकोर बघितलं तर पोटभाडं नाही. पण उद्या मी सहा महिन्यांसाठी बंगलोरला गेले असते आणि ती आत राहून दर महिन्याला मला पैसे टाकत राहिली असती, तर मग "माझी बहीण आहे" हे सांगून उपयोग नव्हता, परकी व्यक्ती एकटी ताब्यात दिसली की ती तिथे कशी हे सांगायची जबाबदारी आपल्यावर येते. आणि हे सगळं सोडा, माझ्या अ‍ॅग्रीमेंटमध्ये अकराव्या पानावर साध्या शब्दात होतं की या जागेत फक्त खाली नावं दिलेल्या दोन व्यक्ती राहतील. पोटभाडं असो वा नसो, ही अट मी मोडलीच होती, आणि तेवढ्यावर काका मला नोटीस देऊ शकत होते. पोलिसांकडे भाडेकरूंची जी माहिती ऑनलाइन भरतात तिच्यातही दोघींचेच फोटो. उद्या काही झालं असतं तर पोलिसांनी विचारलं असतं काकांना, आणि काकांना चिमीचं आडनाव पण माहीत नव्हतं.

मला जास्त वाईट दुसऱ्याच गोष्टीचं वाटलं. चिमीच्या बाजूने बघितलं तर तिच्याकडे काय होतं? काहीच नाही. महिना पाच हजार भरून ती काकांच्या लेखी अस्तित्वातच नव्हती, माझं तिच्याशी भांडण झालं असतं आणि मी रात्री दहाला सॅक बाहेर ठेवली असती तर ती कोणाकडे जाणार होती? पुण्यात अशा शेकडो चिम्या आहेत बरं का. फ्लॅटमध्ये चौघी, अ‍ॅग्रीमेंटवर दोघी, त्यातली एक लग्न होऊन गेलेली, डिपॉझिट एकीने दुसरीला, दुसरीने तिसरीला देऊन फिरत राहिलेलं, आणि शेवटी फ्लॅट सोडताना मालक विचारतो तुम्ही कोण.

प्राचीचं तर त्याहून मजेशीर निघालं. ती आधी विमाननगरला 'पीजी'मध्ये राहायची, तीन मजल्यांची बिल्डिंग, एका खोलीत तिघी, मालक राहतो औंधला. मी सहज तो कायदा उघडून बसले होते तर त्यात पेइंग गेस्टची व्याख्याच आहे, मालक स्वतः ज्या जागेत राहतो तिचाच काही भाग ज्याला लायसन्सवर दिलाय असा कुटुंबाबाहेरचा माणूस. मालक तिथे राहतच नाही तर गेस्ट कोणाची? आणि ज्याला खरंच मालकाच्या घरातली खोली दिलीय असा पेइंग गेस्ट लायसन्सीच्या व्याख्येतून बाहेर काढलेला आहे, त्याच रांगेत हॉटेलमध्ये उतरलेला, मालकाच्या नोकरीत असलेला, आणि एकत्र राहणारा घरचा माणूस हे पण बाहेर. म्हणजे सदाशिव पेठेतल्या आजींकडे मागची खोली घेऊन राहणारा एमपीएससीवाला मुलगा हा खरा पीजी, तो माझ्याही खालच्या पायरीवर. प्राची म्हणाली, म्हणजे मी दोन वर्षं कोण होते? मी म्हटलं माहीत नाही गं, पण जेवण वाईट होतं एवढं नक्की.

हे सगळं वाचताना मला सारखी आत्या आठवत होती. गिरगावातली. एकशे तीस स्क्वेअर फुटांची खोली, गॅलरीत सामायिक संडास, पागडीची जागा (म्हणजे सुरुवातीला एकरकमी पैसे देऊन घेतलेली जुन्या भाड्याची). काका (म्हणजे आत्याचे मिस्टर) गेले तेव्हा पावती आत्याच्या नावावर झाली, कारण भाडेकरू वारला तर त्याच्याबरोबर राहणारं कुटुंबातलं माणूस भाडेकरू होतं. आत्या ही खरीखुरी भाडेकरू, वर्षाला चार टक्क्यांच्या वर भाडं वाढवता येत नाही अशी. तिला मूलबाळ नाही. माझा चुलतभाऊ, म्हणजे तिचा भाचा, कॉलेजला मुंबईला गेला तो तिच्याकडे राहिला, पाहुणा म्हणूनच, माळ्यावर झोपायचा. आत्या अतिशय हुशार बाई. पहिल्याच वर्षी तिने त्याचं नाव रेशनकार्डात घातलं, मतदारयादीत घातलं, बँकेचं पासबुक त्या पत्त्यावर. आम्ही हसायचो, एवढं काय आत्या. ती म्हणायची, "खोलीत कोण झोपतं ते मालकाला दिसत नाही रे, कागद दिसतो." आत्या गेली त्याला सहा वर्षं झाली. मालक म्हणतो हा पाहुणा होता, भाचा म्हणजे काय कुटुंब नव्हे. चुलतभाऊ म्हणतो मी पंधरा वर्षं तिच्याबरोबर राहिलो, तिचं सगळं केलं. तारखा चालू आहेत. आणि भांडण एकशे तीस फुटांचं नाहीचे, बिल्डिंग रिडेव्हलपमेंटला गेलीये आणि जुन्या पागडीच्या इमारतीत पात्र भाडेकरूला किमान तीनशे स्क्वेअर फूट कार्पेटचं घर मिळतं. गिरगावात. पाहुणा की कुटुंब या एका शब्दाची किंमत म्हणजे गिरगावातलं घर.

बाबांना मात्र या बाबतीत एकच म्हण पाठ आहे, भटाला दिली ओसरी. कोणी चार दिवसांच्या वर राहिलं की ते ही म्हण मनातल्या मनात म्हणतायत हे चेहऱ्यावर दिसतं. त्यांना मी २०१२ चा एक निकाल वाचून दाखवला, गोव्यातला, बहीण-भावाचा. घर बहिणीचं, भाऊ त्यात राहत होता, आणि वाद ताब्यावरून. सुप्रीम कोर्ट म्हणालं की जो केअरटेकर म्हणून, राखणदार म्हणून, नोकर म्हणून किंवा नुसता मालकाच्या मर्जीने फुकट राहतोय तो कितीही वर्षं राहिला तरी त्याला जागेत हक्क मिळत नाही. बाबा म्हणाले, "म्हणजे ओसरी दिली तरी चालते." मी म्हटलं चालते, पण बाबा, त्या बहिणीला हे ऐकायला सुप्रीम कोर्टापर्यंत जावं लागलं ना.

आणि याच काळात दीदीचा फोन. दीदी न्यूयॉर्कला क्वीन्समध्ये राहते, तिची डिलिव्हरी होती म्हणून आई-बाबा सहा महिने तिकडे जाणार होते. ती म्हणाली आमच्या लीजमध्ये पाहुण्यांसाठी चौदा दिवसांची अट आहे, आता काय करू. तिकडे तर नावंच वेगवेगळी लिहून घेतात, दीदी आणि जिजू सही केलेले टेनंट, दोघंही पूर्ण भाड्याला एकत्र आणि वेगवेगळे जबाबदार, म्हणजे जिजू पळून गेले तरी दीदीने सगळं भरायचं. भाचा ऑक्युपंट, म्हणजे राहण्याचा अधिकार आहे पण सही नाही आणि भाड्याची जबाबदारी नाही. आणि आई-बाबा गेस्ट. तिच्या बिल्डिंगच्या ऑफिसातली बाई म्हणाली, आई-वडिलांना लीजवर घ्यायला लागेल. त्यांचं इन्कम किती? बाबांची पेन्शन रुपयात सांगितल्यावर ती गप्प झाली म्हणे.

पण न्यूयॉर्क राज्यात एक रूममेट कायदा आहे, त्याने टेनंटला स्वतःचं जवळचं कुटुंब ठेवायचा हक्क आहे (लीजवर एकच टेनंट असेल तर वर एक बाहेरचा माणूसही), लीजमध्ये काहीही लिहिलेलं असो. मालक फक्त गर्दीच्या नियमांवर बोट ठेवू शकतो आणि नावं विचारू शकतो, नावं तीस दिवसांत कळवायची. दीदीने एक ईमेल टाकला, आई-बाबांची नावं आणि तारखा, विषय संपला. आणि आपल्याकडे जो दिवसांचा आकडा नाही म्हटलं तो तिकडे आहे, सलग तीस दिवस कायदेशीरपणे राहिलेल्या माणसाला कोर्टात गेल्याशिवाय बाहेर काढता येत नाही, मग त्याचं नाव लीजवर असो वा नसो. बाबा तिकडे एकतिसाव्या दिवशी व्हिडिओ कॉलवर म्हणाले, "आता मला कोणी काढू शकत नाही." जिजू मागून कॅमेऱ्यात बघत होते. भटाला दिली ओसरी.

मला तिकडची ही पद्धत आवडली. भारीबिरी काही नाही, गर्दीच गर्दी, भाडं ऐकून चक्कर येते, पण निदान मधल्या माणसाला एक नाव आहे. आपल्याकडे कायद्यात मालक आहे, भाडेकरू आहे, लायसन्सी आहे, पीजी आहे, पोटभाडेकरू आहे, आणि जो खरंच राहतोय, पैसे देतोय पण सही केलेली नाही, त्याला सरळ शब्द नाही. जुन्या कागदात 'कब्जेदार' येतो, 'भोगवटादार' येतो, सगळे शब्द संशयाने बघणारे. वाड्यातलं बिऱ्हाडकरू हा त्यातल्या त्यात बरा शब्द होता, त्यात माणूस चूल घेऊन आलाय असं तरी वाटायचं.

काकांशी शेवटी मी फोनवर न बोलता नाशिकला जाऊन आले. चिमीला घेऊन. काकूंनी साबुदाणा खिचडी केली होती. चिमीने आधार कार्ड, ऑफर लेटर, सगळं फाइलमध्ये लावून नेलं होतं, जसं काही स्थळ बघायला आलोय. काकांनी विचारलं, किती दिवस राहणार? चिमी म्हणाली, नोकरी आहे तोपर्यंत. मग ते हसले आणि म्हणाले, हेच आधी सांगायचं होतंत ना, माझी हरकत ती राहण्याला नाहीच, मला माहीत नसताना राहण्याला आहे. नोव्हेंबरमध्ये अ‍ॅग्रीमेंट संपत होतं, नवीन केलं तिघींच्या नावाने. भाडं दीड हजारांनी वाढलं (काका गोड आहेत, भोळे नाहीत). एजंट मशीन घेऊन आला, तिघींचे अंगठे, तिघींचे फोटो, पोलिसांची माहिती नव्याने, आणि सोसायटीला कॉपी. सोसायटीची परवानगी लागते असं सेक्रेटरी काका आम्हाला दर वेळी सांगायचे, पण आदर्श उपविधींप्रमाणे, म्हणजे सोसायट्यांच्या नमुना नियमांप्रमाणे, सभासदाने फक्त आगाऊ कळवायचं असतं, अ‍ॅग्रीमेंटची आणि पोलीस माहितीची प्रत द्यायची. ती काकांनी स्वतः कुरिअर केली, पोच सकट. वाड्यातला माणूस तो.

चिमीचा अंगठा मशीनवर तीन वेळा उमटेना. एजंट म्हणाला भांडी घासता का फार? प्राची म्हणाली नाही, हीच तर तक्रार आहे.

आता ती लायसन्सी आहे. माझ्याच जातीची, बाल्कनीवाली. पहिल्याच आठवड्यात तिने मला विचारलं की डिपॉझिटमध्ये माझा एक तृतीयांश असेल तर कपाटातला एक तृतीयांश माझा का नाही. कायदा वाचून दाखवण्यात हा एक तोटा असतो, समोरचा शिकतो.

आणि परवा रात्री गेटवरून फोन आला, खूप महिन्यांनी. "मॅडम, सांगलीहून एक बाई आल्यात, चिन्मयी मॅडमच्या आई म्हणतात, पाहुण्यात टाकू ना?" मी म्हटलं हो, मावशी आहे, टाका. मावशी आली, पाणी प्यायली, म्हणाली आठ दिवसच आहे गं, पोरीला बघावं म्हटलं. मग पिशवी उघडली, लाडवांचा डबा काढला, लोणच्याची बरणी काढली आणि खालून वर्तमानपत्रात गुंडाळलेला भाकरीचा तवा काढला. मी आणि प्राचीने एकमेकींकडे बघितलं. चिमी बाथरूममध्ये गेली होती, निळी बादली भरायला.